मिती ओलांडणाऱ्यांसाठी बोली घडवताना

नवी भाषा बनवायला बसलेला माणूस बहुतेक वेळा लिपीपासून सुरुवात करतो. वहीच्या पहिल्या पानावर वळणदार अक्षरं, दुसऱ्यावर सगळी वर्णमाला, तिसऱ्यावर एखादं गूढ स्तोत्र, आणि चौथं पान कोरं. माझ्याकडे अशा दोन वह्या पडून आहेत. तिसऱ्या वेळी मी उलट्या टोकाने निघालो. दुसऱ्या मितीत (डायमेन्शनमध्ये) शिरलेला, घाबरलेला, धापा टाकणारा माणूस सोबत्याला पहिल्यांदा काय सांगेल, हे आधी लिहून काढलं. त्यातून जी बोली उभी राहिली तिला मी सेरोली म्हणतो. कथेसाठी, खेळासाठी किंवा नुसत्या हौसेसाठी अशी भाषा करू पाहणाऱ्यांना तिच्याच आधाराने वाट दाखवतो. मी जिथे आपटलो त्या जागाही दाखवेन.

पायरी १: शब्द नंतर, आधी वाक्यं

ही कुणाची मातृभाषा नाही, हे पक्कं लक्षात घ्या. निरनिराळ्या देशांतून, कदाचित निरनिराळ्या जगांतून आलेली माणसं कामापुरती बोलतात ती ही भाषा. हिच्यात अंगाई नसली तरी चालेल. 'थांब' आणि 'तो थांबलाय' यांत गोंधळ झाला तर मात्र माणूस जातो.

हे मी वाढवून सांगत नाही. २७ मार्च १९७७ रोजी स्पेनच्या टेनेरिफ बेटावरच्या विमानतळावर, दाट धुक्यात, दोन जंबो विमानं धावपट्टीवरच एकमेकांवर आदळली आणि ५८३ माणसं मेली. कारणं अनेक होती, त्यातलं एक भाषेचं होतं. एका वैमानिकाने 'आम्ही आता टेकऑफला आहोत' अशा अर्थाचं वाक्य उच्चारलं. त्याच्या मनात 'निघालो' होतं, मनोऱ्याने 'तयार उभे आहोत' असं समजून घेतलं. त्यानंतर वैमानिकी बोलण्यात नियम आला: 'टेकऑफ' हा शब्द उड्डाणाची परवानगी देताना किंवा ती रद्द करतानाच वापरायचा, इतर सगळीकडे 'डिपार्चर' म्हणायचं. एक शब्द कुलूपबंद करून ठेवला. मितीप्रवाशांच्या भाषेचं व्याकरण याच जातीचं हवं.

म्हणून कागदावर पाच प्रसंग लिहा: दार ओलांडणं, वाट चुकणं, कुणी अनोळखी भेटणं, इजा होणं, परतणं. प्रत्येक प्रसंगात बोलली जातील अशी दहा-बारा वाक्यं साध्या मराठीत लिहा. 'मागे फिर.' 'दार बंद होतंय.' 'हा आपला माणूस नाही.' 'मला माझा हात दिसत नाही.' साठेक वाक्यं झाली की त्यांत पुन्हा पुन्हा येणारे शब्द मोजा. माझे ८४ निघाले. तेवढ्यावर भाषा चालते का, अशी शंका येणं साहजिक आहे. २००१ साली सोन्या लँग यांनी मांडलेली टोकी पोना ही कृत्रिम भाषा सुमारे १२० शब्दांत चालते, आणि तिच्यात लोक तासन्‌तास गप्पा मारतात.

पायरी २: कोणते शब्द तिकडे निकामी होतात

सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. मितीप्रवासाच्या बहुतेक काल्पनिक भाषा इथेच फसतात. जग बदललेलं असतं आणि शब्द मात्र जुन्याच जगाचे, फक्त नवे आवाज चढवलेले.

समजा पलीकडे अवकाशाच्या चार मिती आहेत. वर-खाली, पुढे-मागे, डावीकडे-उजवीकडे यांच्या जोडीला आणखी दोन दिशा येणार. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस चार्ल्स हिंटन या गणितज्ञाने त्यांना ग्रीक शब्द वापरून 'अना' आणि 'काटा' अशी नावं दिली होती. चौमिती घनाला 'टेसरॅक्ट' हे नावही त्याचंच, १८८८ मधलं. दोन नवे शब्द वाढवले की काम संपलं, असं वाटतं. खरी गंमत जुन्या शब्दांची होते.

'आत' घ्या. कागदावर चौकोन काढून त्यात एक मुंगी बसवली, तर कागदापुरतं पाहणाऱ्याच्या दृष्टीने ती कोंडलेली आहे. आपण मात्र वरून बोट घालून तिला उचलतो, चौकोनाची रेघ न मोडता. तसंच चौथ्या दिशेने येणाऱ्याला आपली बंद खोली उघडीच. तेव्हा 'मी आत आहे, सुरक्षित आहे' हे वाक्य त्या भाषेत बोलताच येऊ नये. सेरोलीत 'आत'ला शब्द नाही. 'किती दिशांनी झाकलेलं' हे सांगावं लागतं, आणि आकडा सांगितल्याशिवाय वाक्य पुरं होत नाही.

'गाठ' हा दुसरा शब्द. चार मितींत दोरीची कुठलीही साधी गाठ टिकत नाही, एक पदर बाजूच्या दिशेने सरकवला की ती सुटते. 'दोरी बांधलीय, ये खाली' असं तिथे कुणी म्हणणार नाही.

आणि डावं-उजवं. डाव्या पायाचा बूट चौथ्या मितीतून उलटवून आणला तर तो उजव्या पायाचा होतो. मोबियसने हे १८२७ मध्येच ताडलं होतं. बुटाच्या जागी माणूस ठेवा. तो उलटा होऊन परतला तर त्याला स्वतःत काही फरक जाणवणार नाही, जगच आरशातल्यासारखं दिसेल. त्याचा 'डावा' आणि तुमचा 'डावा' वेगळे झाले. शिवाय त्याच्या शरीरातली प्रथिनं आता आरशातली, त्यामुळे आपलं बहुतेक अन्न त्याच्या अंगी लागणारच नाही. अशा दोघांच्या संवादात डावं-उजवं ठेवणं म्हणजे घातपातच. ऑस्ट्रेलियातल्या गुगु यिमिथिर भाषेत जागा सांगताना डावं-उजवं न वापरता पूर्व-पश्चिमेसारख्या ठरलेल्या दिशा वापरतात. तिकडे सूर्य असेलच असं नाही, म्हणून मी दाराचा आधार घेतला: 'दाराकडे' आणि 'दारापासून दूर'. प्रवाशाला दार कुठे आहे याचं भान सतत राहतं, हा वरचा फायदा.

काळाचंही थोडं बघा. दोन जगांत वेळ वेगवेगळ्या गतीने चालत असेल तर 'आत्ता' कुणाचं? मराठीत 'परवा' दोन दिवस मागेही जातो आणि दोन दिवस पुढेही, वाक्य बघून आपण अर्थ लावतो. आपल्याला हे कधी खटकत नाही, म्हणजे काळ पाहण्याची एकच रीत नसते. सेरोलीत भूत-वर्तमान-भविष्य नाहीत. 'ओलांडण्याआधी', 'पलीकडे असताना' आणि 'परतल्यावर' असे तीन काळ आहेत: सा, मो, ने.

पायरी ३: आवाज निवडणे

सुंदर वाटणारे आवाज नकोत, टिकणारे हवेत. तीन कसोट्या लावा.

पहिली, कुजबुज. कुजबुजताना कंठ कंप पावत नाही, त्यामुळे 'प' आणि 'ब', 'त' आणि 'द' एकसारखे ऐकू येतात. कुणाला तरी 'पाट' आणि 'बाट' कुजबुजून ऐकवा, कळेल. अशा जोड्यांतला एकच ठेवायचा.

दुसरी, मुखवटा. तोंडावर जाड कापड धरून बोललं की वरच्या पट्टीतले आवाज मरतात. जुन्या टेलिफोनमध्ये साधारण ३०० ते ३४०० हर्ट्‌झपर्यंतचाच आवाज जायचा आणि 'स' की 'फ' हा घोळ नेहमीचा असायचा. मी 'स' ठेवला, 'श' आणि 'फ' काढले.

तिसरी कसोटी त्या जगाची. आपल्याकडे मोकळ्या माळावर टाळी वाजली की आवाज कानावरून जातो आणि संपतो. तरंगांचं गणित सांगतं की असा स्वच्छ शेवट तीन, पाच अशा विषम मितींतच मिळतो. दोन किंवा चार मितींत टाळीमागे शेपूट रेंगाळते. शिवाय अंतर दुप्पट झालं की आपल्याकडे आवाजाची तीव्रता एक चतुर्थांश होते, चार मितींत एक अष्टमांश. म्हणजे तिकडे बोलणं पुसट आणि लवकर विरणारं. जोडाक्षरं गेली, शब्दाच्या शेवटचं व्यंजन गेलं. व्यंजन-स्वर, व्यंजन-स्वर अशीच चाल ठेवावी लागली, प्रत्येक स्वर लांबवून.

उरले म, न, ल, र, त, क, स आणि आ, ई, ऊ, ए, ओ. सात पंचे ३५ अक्षरं. दोन अक्षरी शब्द १२२५ होऊ शकतात, तीन अक्षरी ४२,८७५. कमी पडणार नाहीत.

पायरी ४: शब्द पाडणे

इथे दोन नियम पुरतात. विरुद्ध अर्थाचे शब्द कानाला एकमेकांपासून जितके लांब ठेवता येतील तितके ठेवा. 'डावा' आणि 'उजवा' दोन्ही 'वा'वर संपतात, गोंगाटात शेवटचं तेवढंच ऐकू येतं. रेडिओवर इंग्रजी 'नाइन'चं 'नायनर' करतात ते याच भीतीपोटी, 'फाइव्ह'शी गल्लत होऊ नये म्हणून. सेरोलीत 'अना'ला नीमे आणि 'काटा'ला कासातो. एकही आवाज सामाईक नाही, लांबीही वेगळी.

दुसरा नियम: बनवलेला शब्द आपल्या भाषेत मोठ्याने म्हणून बघा. सात व्यंजनं आणि पाच स्वरांतून घाईघाईत शब्द पाडताना मी धोक्यासाठी 'काकू' ठरवला होता. कागदावर लक्षातच आलं नाही. पहिल्याच खेळात एकाने 'काकू! काकू!' अशी किंकाळी फोडली आणि पुढचा अर्धा तास कुणी गंभीर झालं नाही. आता धोक्याला रूरूरू. तीनदा तेच अक्षर आणणारा दुसरा शब्द भाषेत ठेवायचा नाही. जहाजांवरची आणि विमानांतली 'मेडे' ही संकटाची हाकही तीनदाच देतात, म्हणजे ती दुसऱ्या कुठल्या निरोपात मिसळत नाही.

पुढे लागणारे शब्द हे: सेरो म्हणजे दार, मेसू म्हणजे थांबणं, तारो म्हणजे जाणं, ली म्हणजे बोलणं, लो म्हणजे मी. दाराची बोली ती सेरोली. आणि लोलो म्हणजे 'तिकडचा मी', समांतर जगात भेटणारी आपली दुसरी प्रत. 'मी' आणि 'तू' यांच्या मधोमध कुठेतरी उभं राहणारं हे सर्वनाम. मराठीला 'आपण' आणि 'आम्ही' यांतला फरक जन्मापासून माहीत आहे, समोरचा धरून की वगळून. तो सेरोलीतही घ्या, फक्त लोलोला 'आपण'मध्ये धरायचं की नाही हे तुमचं तुम्ही ठरवा. माझ्या गटात यावरून भांडण झालं आणि अजून मिटलेलं नाही.

पायरी ५: 'म्हणे'चं व्याकरण

'तो आला' आणि 'तो आला म्हणे' यांत केवढं अंतर आहे! दुसऱ्यात बोलणारा अंग काढून घेतो: मी पाहिलेलं नाही, ऐकलंय. मराठीत हे 'म्हणे' ऐच्छिक आहे. काही भाषांत ते सक्तीचं असतं. कोलंबिया-ब्राझीलच्या सीमेवरच्या तुयुका भाषेत तर माहिती कुठून मिळाली याचे पाच प्रकार क्रियापदातच सांगावे लागतात: डोळ्यांनी पाहिलं, इतर इंद्रियांनी जाणवलं, खुणांवरून ताडलं, दुसऱ्याकडून ऐकलं, की गृहीत धरलं. जिथे स्वतःच्या डोळ्यांवरही विश्वास ठेवता येत नाही अशा जगात जाणाऱ्यांना हे हवंच.

मी तीन प्रत्यय ठेवले. 'ता' म्हणजे स्वतः पाहिलं, 'री' म्हणजे यंत्राने दाखवलं, 'सो' म्हणजे ऐकीव. क्रियापद आधी, मग कर्ता, मग जागा.

मेसूता लोलो सेरो: तिकडचा मी दाराशी थांबलाय, मी पाहिलं.
मेसूरी लोलो सेरो: यंत्र सांगतंय की तो थांबलाय.
मेसूसो लोलो सेरो: थांबलाय म्हणे.

आणि प्रत्यय नसलेलं नुसतं 'मेसू' म्हणजे आज्ञा: थांब. खबर आणि हुकूम यांची गल्लत व्हायला जागाच नाही. टेनेरिफचा धडा चांगला गिरवला, असं वाटून मी त्या दिवशी वही मिटली. या नियमात एक भोक होतं, ते शेवटच्या पायरीत सापडलं.

पायरी ६: पलीकडच्यांचे शब्द घेणे

प्रवासी माणूस शब्द उचलतोच. आपल्या चावी, पगार, बटाटा या शब्दांना कुठे आठवतं की ते पोर्तुगीजांकडून आले. उचललेला शब्द तुमच्या ३५ अक्षरांत बसवायची रीत आधी ठरवून ठेवा: ओठांचा आवाज 'म'मध्ये जाईल, दातांचा 'त'मध्ये, शेवटी स्वर जोडायचा. या हिशेबाने पाणीचं मानी, दोरीचं तोरी, गाठचं काता. (मशालचं मासाला होतं. काय करणार, चालवून घेतलं.)

अर्थ मात्र जपून घ्या. १७७० मध्ये इंग्रज दर्यावर्दी जेम्स कुकच्या जहाजावरच्या लोकांनी गुगु यिमिथिर लोकांकडून 'गंगुरू' हा शब्द टिपला. तो एका विशिष्ट जातीच्या प्राण्याचा होता. इंग्रजीत त्याचा कांगारू झाला आणि सगळ्याच जातींना चिकटला. ('मला माहीत नाही' असा त्याचा अर्थ होता, ही गोष्ट निव्वळ दंतकथा.) तुमच्या प्रवाशांकडूनही असं होऊ द्या. एखाद्या शब्दाचा मूळ अर्थ फक्त 'आजारी असलेला' असा असावा आणि प्रवासी तो त्या जगातल्या प्रत्येकाला लावत सुटावेत. असा एक गैरसमज कथेला दहा नियमांपेक्षा जास्त जिवंत करतो.

संपर्क वाढला की दोन्हीकडची मिळून खिचडी बोली होते. नॉर्वेच्या उत्तर किनाऱ्यावर नॉर्वेजियन कोळी आणि रशियन व्यापारी बोलायचे ती रुसेनोर्स्क अशीच, सुमारे ४०० शब्दांची. तिचं एक नाव होतं 'मोया पो त्वोया', म्हणजे साधारण 'मी तुझ्या भाषेत'. दोन्ही बाजूंना वाटायचं की आपण समोरच्याचीच भाषा बोलतोय.

पायरी ७: आता लिपी, तीही थोडीच

सगळी अक्षरं नकोत. भिंतीवर कोरायच्या दहा-बारा खुणा पुरेत. धोका, पाणी, दार यांच्या खुणा आरशात तशाच दिसाव्यात, म्हणजे उलट्या झालेल्या माणसालाही वाचता येतील. एकच खूण मुद्दाम वाकडी ठेवा: मी उभी रेघ काढून तिच्या वरच्या टोकाला एका बाजूला आकडी दिली. हीच खूण प्रवाशाच्या मनगटावर गोंदलेली असते. परतल्यावर त्याने हात भिंतीवरच्या खुणेशेजारी धरायचा. दोन्ही आकड्या एकाच बाजूला वळल्या तर ठीक. विरुद्ध वळल्या तर तो उलटून आलाय, आणि त्याला आपलं जेवण द्यायचं नाही.

पायरी ८: मोडून बघणे

दोन मित्र, दोन बंद खोल्या, फोन, आणि मधे पंखा किंवा रेडिओची खरखर. एकाने वीस वाक्यं बोलायची, दुसऱ्याने ऐकू आलं ते लिहायचं. मग दोन्ही कागद शेजारी ठेवा. जो शब्द दोनदा चुकला तो बदला, तुमचा कितीही लाडका असला तरी.

माझं 'मेसूसो' पहिल्याच फेरीत गेलं. बोलणाऱ्याने 'थांबलाय म्हणे' सांगितलं, शेवटचं 'सो' खरखरीत बुडालं आणि ऐकणाऱ्याने लिहिलं: 'मेसू', थांब. ऐकीव बातमीचा हुकूम झाला होता. शब्दाच्या शेवटाला शेपटीत विरणारा आवाज असतो, हे मीच तिसऱ्या पायरीत लिहिलं होतं आणि पाचवीत विसरलो.

मग प्रत्यय पुढे आणला: तामेसू, रीमेसू, सोमेसू. दुसऱ्या फेरीत बरं चाललं, पण वॉकीटॉकीवर बटण दाबण्याच्या गडबडीत पहिलंच अक्षर कापलं जायला लागलं. पुन्हा मेसू. पुढूनही गळतं, मागूनही गळतं.

शेवटी प्रत्यय पुढेच ठेवला आणि आज्ञेचा नियम बदलला. आज्ञा नेहमी दोनदा: मेसू मेसू. एकदाच ऐकू आलेलं 'मेसू' आज्ञा धरायचं नाही, ती डोकं उडालेली खबर आहे. ऐकणाऱ्याने लगेच विचारायचं: 'ली?' म्हणजे बोल, काय म्हणालास. तिसऱ्या फेरीत वीसपैकी अठरा वाक्यं बरोबर आली. उरलेल्या दोन्हींत नीमे होतं. त्याला नवा शब्द शोधतोय, 'स'ने सुरू होणारा नको.